पन्नास मिनिटांचा तास

न्यूयॉर्क राज्यात वकिली करणाऱ्याला दर दोन वर्षांनी, वाढदिवसानंतर तीस दिवसांच्या आत, नोंदणीचा अर्ज नव्याने भरावा लागतो. अर्जाबरोबर ३७५ डॉलर शुल्क भरायचे असते आणि एक विधान करायचे असते: मागच्या दोन वर्षांत ठरवून दिलेले शिक्षण पूर्ण केले आहे. या शिक्षणाचे नाव कंटिन्युइंग लीगल एज्युकेशन. वकिलांच्या बोलण्यात नुसते सीएलई. ते क्रेडिटमध्ये मोजतात. पन्नास मिनिटांच्या व्याख्यानाला एक क्रेडिट मिळते, त्यापुढच्या प्रत्येक पंचवीस मिनिटांना अर्धे. अनुभवी वकिलाला दोन वर्षांत अशी २४ क्रेडिट्स जमवावी लागतात.

त्यांतली किमान चार व्यावसायिक नीतीची असावी लागतात, एक विविधता आणि पूर्वग्रहनिर्मूलन या विषयाचे, आणि १ जुलै २०२३ पासून एक सायबर सुरक्षा व माहितीच्या संरक्षणाचे. उरलेली अठरा कशाची घ्यायची हे ज्याचे त्याने ठरवायचे. नव्याने सनद मिळालेल्यांना जास्त ओझे आहे: पहिल्या दोन वर्षांत ३२ क्रेडिट्स, दरवर्षी सोळा. ठरलेल्यापेक्षा जास्त अभ्यास झाला, तर अनुभवी वकिलाला सहापर्यंत क्रेडिट्स पुढच्या दोन वर्षांच्या खात्यात ओढता येतात. मान्यताप्राप्त संस्थेमार्फत गरीब अशिलाचे काम विनामूल्य केले, तर दर दोन तासांना एक क्रेडिट मिळते. मात्र या वाटेने दोन वर्षांत दहापेक्षा जास्त मिळत नाहीत.

ही सक्ती फार जुनी नाही. अमेरिकेत मिनेसोटा आणि आयोवा या राज्यांनी १९७५ मध्ये तिची सुरुवात केली. न्यूयॉर्कमध्ये ती नव्या वकिलांना १९९७ मध्ये आणि बाकीच्यांना १९९८ च्या अखेरीस लागू झाली. त्याआधी कोलोरॅडोमध्ये एका वकिलाने हा नियम न पाळल्यामुळे सनद स्थगित झाली तेव्हा संघीय न्यायालयात दाद मागितली होती. १९८२ मध्ये न्यायालयाने नियम वैध ठरवला आणि पुढच्या वर्षी वरच्या न्यायालयाने तो निकाल कायम केला. सक्ती कायदेशीर आहे का, हा प्रश्न तिथे मिटला. ती उपयोगी आहे का, हा मिटलेला नाही.

या दुसऱ्या प्रश्नावर वकिलांमध्येच दोन मते आहेत आणि दोन्ही मते वजनदार आहेत. ती दोन माणसांच्या तोंडी घातली की त्यांतली खोच नीट कळते. एक आहेत ज्येष्ठ. त्यांनी मुंबईच्या सत्र न्यायालयात दहा वर्षे वकिली केली, मग न्यूयॉर्क गाठले, आणि आता क्वीन्समध्ये त्यांचे इमिग्रेशनच्या कामाचे छोटे ऑफिस आहे. दुसरी त्यांची ज्युनिअर. पुण्यात एलएलबी, तिकडे एलएलएम, बारची परीक्षा, आणि सनद घेऊन चार वर्षे झालेली. तिच्या नोंदणीच्या मुदतीला एक आठवडा उरला आहे. टेबलावर प्रमाणपत्रांचा गठ्ठा आहे आणि तिने केलेल्या बेरजेचा आकडा साडेचोवीस आहे.

“सर, खरं सांगते,” ती म्हणते, “काल रात्री सव्वा तासाचं एक रेकॉर्डेड व्याख्यान लावलं आणि शेजारच्या खिडकीत एका अर्जाचा मसुदा दुरुस्त करत बसले. व्याख्यानात मध्येच कोड सांगतात, काही अक्षरं, काही आकडे. कान सगळा त्या कोडकडे. तो कागदाच्या कडेला लिहून घेतला, शेवटी फॉर्मवर उतरवला, सही केली, पाठवला. दीड क्रेडिटचं प्रमाणपत्र सकाळी ईमेलवर हजर. व्याख्यान कशावर होतं ते आता प्रमाणपत्र वाचूनच सांगावं लागेल.”

तिचा आक्षेप इथून सुरू होतो, आणि तो साधा आहे: ही व्यवस्था हजेरी मोजते, ज्ञान मोजत नाही. परीक्षा नाही, लेखी काम नाही. अठरा क्रेडिट्स आपल्या कामाशी संबंधित असावीत असेही बंधन नाही. इमिग्रेशनचे काम करणाऱ्याने ती सगळी सागरी कायद्याची घेतली तरी हिशेब जुळतो. “आणि लोक घेतात काय?” ती विचारते. “जे फुकट आहे ते, जे घरबसल्या आहे ते, जे मुदतीच्या आधी मिळेल ते. गरजेचं काय आहे हे कुणी विचारतच नाही.”

ज्येष्ठ हे नाकारत नाहीत. ते एका खटल्याकडे वळतात.

“पडिला विरुद्ध केंटकी वाचलंस ना? २०१०, अमेरिकेचं सर्वोच्च न्यायालय. चाळीसहून जास्त वर्षं कायदेशीर रहिवासी असलेला माणूस, व्हिएतनाम युद्धाच्या काळात लष्करात नोकरी केलेला. ट्रकमध्ये गांजा सापडला. वकील म्हणाला, गुन्हा कबूल कर, इतकी वर्षं इथे आहेस, इमिग्रेशनची काळजी नको. त्यानं कबूल केला, आणि त्या कबुलीमुळेच देशाबाहेर काढायची कारवाई त्याच्यावर जवळजवळ अटळ झाली. न्यायालयानं सांगितलं, फौजदारी वकिलानं अशिलाला हा धोका समजावून सांगितलाच पाहिजे. आता हे बघ, त्या वकिलानं कॉलेजात इमिग्रेशन शिकलेलं नसणार. त्याला फौजदारी येत होतं. कायदा बदलत गेला, दोन शाखा एकमेकींत गुंतत गेल्या, आणि हा आपल्या जुन्या समजुतीवर सल्ला देत राहिला. अशा माणसाला दर दोन वर्षांनी वर्गात बसवायला नको?”

“पण सर, केंटकीत सीएलई तेव्हाही सक्तीचं होतं.”

हे उत्तर चपखल आहे आणि सक्तीच्या समर्थकांनी ते टाळू नये. त्या वकिलाने आपले तास भरले असणार, आणि तरीही अशिलाला चुकीचा सल्ला मिळाला. तास भरणे आणि आपल्याला काय येत नाही हे ओळखणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. घड्याळाला पहिली मोजता येते, दुसरी येत नाही.

ज्येष्ठ क्षणभर थांबतात आणि आपली बाजू अधिक नेमकी करतात. सक्तीने चांगला वकील घडतो असा त्यांचा दावा नाही. त्यांचे म्हणणे एवढेच, की सक्तीमुळे कुणालाही दार पूर्ण बंद करून बसता येत नाही. “सायबरचं ते एक क्रेडिट घे. मी हौसेनं कधीच घेतलं नसतं. पण घराच्या व्यवहारात काय होतं हे तिथे कळलं. वकिलाच्या किंवा दलालाच्या ईमेलमध्ये कुणीतरी शिरतं, पत्रव्यवहार वाचत बसतं, आणि पैसे भरायच्या आदल्या दिवशी हुबेहूब त्याच भाषेत ईमेल येतो, खातं बदललंय, या खात्यात भरा. पैसे गेले की गेले. त्या दिवसापासून आमच्या ऑफिसात खातं बदलल्याचा ईमेल आला की आपल्याकडे आधीपासून असलेल्या नंबरवर फोन करून विचारतात. पन्नास मिनिटांत एवढं मिळालं तर कमी नाही.”

“म्हणजे तुम्ही ऐकत होतात,” ती म्हणते. “मी तेच म्हणतेय. तुम्ही ऐकलंत म्हणून उपयोग झाला. नियमात ऐकणं कुठे आहे?”

मग ती दुसरे उदाहरण पुढे करते. मॅसॅच्युसेट्स, मेरीलँड, मिशिगन या राज्यांत अनुभवी वकिलांवर तासांचे बंधन नाही. तिथले वकील न्यूयॉर्कच्या वकिलांपेक्षा कमी पडतात असे कुणी दाखवून दिले आहे का? शिवाय इंग्लंड. इंग्लंड आणि वेल्समधल्या सॉलिसिटरना पूर्वी वर्षाला सोळा तास दाखवावे लागत. सॉलिसिटर्स रेग्युलेशन ऑथॉरिटीने १ नोव्हेंबर २०१६ पासून तासांचा आकडाच काढून टाकला. आता सॉलिसिटरने आपल्या कामाकडे स्वतः बघायचे, कुठे कमी पडतो ते ओळखायचे, त्यावर हवे ते शिकायचे आणि त्याची नोंद ठेवायची. व्याख्यान ऐका, पुस्तक वाचा, अनुभवी सहकाऱ्याबरोबर बसा, कसेही शिका. “मोठ्या माणसांना मोठ्या माणसांसारखं वागवणारी पद्धत,” असे ती तिचे वर्णन करते.

“ठीक,” ज्येष्ठ म्हणतात. “तास गेले. राहिलं काय?”

“वर्षातून एकदा द्यायचं निवेदन. मी माझ्या शिकण्याच्या गरजांचा विचार केला आणि त्या भागवल्या, असं.”

“म्हणजे विधान राहिलंच. आणि ते आपल्यापेक्षा अवघड आहे. आपल्याला विचारतात, किती तास बसलास? त्यांना विचारतात, काय येत नव्हतं आणि त्याचं काय केलंस?”

वादाचा खरा गाभा इथे आहे आणि तो सहसा झाकलेला राहतो. चर्चा तासांवर होते. व्यवस्था उभी आहे ती विधानावर. न्यूयॉर्कमध्ये नोंदणीच्या अर्जाबरोबर एकही प्रमाणपत्र पाठवायचे नसते. ती वकिलाने स्वतःकडे चार वर्षे जपून ठेवायची असतात आणि तपासणीत मागितली तर दाखवायची असतात. एरवी राज्य त्याचा शब्द मानते. प्रमाणपत्र व्याख्यान देणाऱ्या संस्थेचे असते. नोंदणीतले विधान वकिलाचे. पहिल्यात चूक असली तर ती संस्थेच्या कारकुनाची असू शकते. दुसऱ्यातली चूक मात्र सरळ न्यूयॉर्कच्या व्यावसायिक आचारनियमांतल्या नियम ८.४(क) पर्यंत पोचते. अप्रामाणिकपणा, फसवणूक आणि खोटी बतावणी यांना मनाई करणारा तो नियम आहे. तास कमी भरले तर मुदतवाढ मागता येते. ते भरले म्हणून खोटे लिहिले तर त्यावर उपाय नाही. ज्या माणसाच्या सहीवर न्यायालय रोज विश्वास ठेवते त्याने स्वतःबद्दल खोटी सही करणे ही हिशेबातली चूक राहत नाही.

कॅलिफोर्नियातले एक प्रकरण या संदर्भात प्रत्येक वकिलाला माहीत असायला हवे. तिथे तीन वर्षांत २५ तास पूर्ण करायचे असतात, आणि तास साठ मिनिटांचा असतो. एका वकिलाने तास पूर्ण झाल्याचे कळवले. तपासणीत कागद मागितले तेव्हा दाखवायला काही नव्हते, कारण विधान केवळ आठवणीच्या भरवशावर केलेले होते. स्टेट बार कोर्टाच्या पुनर्विलोकन विभागाने २०१४ मध्ये हा घोर निष्काळजीपणा ठरवला आणि जाहीर समज दिली. मुद्दाम फसवण्याचा हेतू नसतानाही ‘मला वाटलं होतं, झाले असतील’ हे उत्तर पुरले नाही.

ज्येष्ठांनी हे सांगितल्यावर ज्युनिअर गठ्ठ्यातले वरचे प्रमाणपत्र उचलते. कालचेच, दीड क्रेडिटचे.

“मग हे?”

“तू सांग. फॉर्मवर काय लिहून सही केलीस?”

“पूर्ण कार्यक्रम पाहिला म्हणून.”

“पाहिलास?”

ती प्रमाणपत्र बाजूला ठेवते. साडेचोवीसमधून दीड गेले, तेवीस राहिले. एक कमी.

इथे तिचाच आक्षेप तिच्यासमोर उभा राहतो. व्यवस्था तिला पकडू शकली नसती. कोड बरोबर होता, सही होती, संस्थेच्या दप्तरी हजेरी होती. नियमात ऐकणे कुठे आहे, हा तिचा प्रश्न होता. ते सहीत होते. तास हे तकलादू माप आहे यात वाद नाही. पण त्या मापाखाली सही करणारी व्यक्ती वकील आहे, आणि वकिलाच्या सहीला इतर कोणत्याही कागदावर जो अर्थ आहे तोच इथेही आहे. या लेखाचा कौल म्हणून काही द्यायचे तर तो हाच: तासांवर टीका करण्याचा प्रत्येक वकिलाला अधिकार आहे, पण विधान सैल करण्याचा नाही. इंग्लंडची पद्धत न्यूयॉर्कच्या पद्धतीपेक्षा चांगला प्रश्न विचारते, आणि न्यूयॉर्कने तो प्रश्न आपल्या अर्जात घातला तर त्याचे स्वागत व्हावे. तोपर्यंत आहे तो प्रश्न खरेपणाने सोडवणे भाग आहे.

पुढचा भाग हिशेबाचा आहे, आणि तो मुदतीच्या आठवड्यात करायचा नसतो. ज्येष्ठांच्या ऑफिसात प्रत्येक वकिलाची एक तक्ता-वही आहे. व्याख्यान झाले त्याच दिवशी तारीख, संस्था, विषय, क्रेडिटचा प्रकार, प्रत्यक्ष की रेकॉर्डेड आणि क्रेडिट्सची संख्या असे रकाने भरायचे. प्रमाणपत्र आले की त्याची प्रत त्याच नावाच्या फोल्डरमध्ये टाकायची. प्रकाराचा रकाना सगळ्यात महत्त्वाचा, कारण एकूण चोवीस भरली तरी नीतीची तीनच निघाली तर नोंदणी अडते. सायबरची दोन रूपे आहेत, एक नीतीचे आणि एक सर्वसाधारण. त्यांतल्या नीतीच्या रूपाची तीनपर्यंत क्रेडिट्स नीतीच्या चारांत धरता येतात. हे शेवटच्या आठवड्यात कळले तर आनंद होतो, पण तोवर कुणीतरी नको ती दोन व्याख्याने ऐकून बसलेले असते. शेजारच्या न्यू जर्सीतही सनद असेल तर दुसरा तक्ता ठेवावा लागतो, कारण तिथेही दोन वर्षांत २४ असली तरी नीती आणि व्यावसायिकतेची पाच लागतात, आणि त्यांतली दोन विविधता व पूर्वग्रहनिर्मूलनाची. व्याख्यान एकच, पण दोन राज्यांत ते दोन वेगळ्या रकान्यांत बसू शकते.

एक शेवटचा रकाना ज्येष्ठांनी स्वतः वाढवलेला आहे. त्याला शीर्षक नाही. व्याख्यानातून ऑफिसात काय बदलले ते त्यात एका ओळीत लिहायचे. सायबरच्या ओळीत लिहिलेले आहे: खाते बदलल्यास फोन. बऱ्याच ओळींपुढे तो रकाना रिकामा आहे, आणि ज्येष्ठ ते लपवत नाहीत. “हा रकाना कुणी तपासत नाही,” ते म्हणतात. “पण तू म्हणतेस ती इंग्लंडची पद्धत याच रकान्यात आहे. नियम बदलायची वाट कशाला बघायची?”

त्या संध्याकाळी ज्युनिअर कालचेच व्याख्यान पुन्हा लावते. शेजारची खिडकी बंद आहे. विषय आश्रयाच्या अर्जातला पुराव्याचा भार हा आहे, आणि काल ज्या मसुद्यात ती गुंतली होती तोही आश्रयाचाच अर्ज होता. पस्तिसाव्या मिनिटाला ती व्याख्यान थांबवते आणि त्या मसुद्यातला एक परिच्छेद बदलते. मग पुढे ऐकते. कोड येतो तेव्हा ती तो लिहून घेते. तक्त्याच्या बिनशीर्षकाच्या रकान्यात पहिल्यांदाच तिची एक ओळ येते.

दुसऱ्या दिवशी एक प्रश्न उरतो, आणि तो ज्युनिअरच विचारते. “सर, मुंबईत दहा वर्षं तुम्ही कुणाला काय कळवत होतात?”

“काहीच नाही. कुणी विचारलंच नाही.”

हे आजही खरे आहे. अधिवक्ता अधिनियम, १९६१ प्रमाणे महाराष्ट्र आणि गोव्यातला वकील राज्याच्या बार कौन्सिलकडे नाव नोंदवतो. २०१० मध्ये बार कौन्सिल ऑफ इंडियाने अखिल भारतीय बार परीक्षा आणली, आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने तिच्यावर शिक्कामोर्तब केले. ही परीक्षा एकदाच द्यायची. ती उत्तीर्ण झाल्यानंतर निवृत्तीपर्यंत, चाळीस वर्षे असोत की पन्नास, किती शिकलात हे विचारणारा सक्तीचा कुठलाही अर्ज नाही. १ जुलै २०२४ रोजी भारतीय दंड संहिता, फौजदारी प्रक्रिया संहिता आणि पुराव्याचा कायदा हे तिन्ही एकाच दिवशी बाजूला झाले आणि भारतीय न्याय संहिता, भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, भारतीय साक्ष्य अधिनियम लागू झाले. जिल्ह्याजिल्ह्यांत वकील संघांनी व्याख्याने भरवली, पुष्कळ वकील मनापासून बसले. जे बसले नाहीत त्यांनाही दुसऱ्या दिवशी त्याच सनदेवर त्याच न्यायालयात उभे राहता आले.

“म्हणजे तिकडे माझी आवडती पद्धत आहे,” ती म्हणते. “कुणी तास मोजत नाही.”

“तुझी आवडती पद्धत इंग्लंडची. तिथे विचारतात. मुंबईत प्रश्नच नाही.”

वकिलाच्या ऑफिसखालच्या मजल्यावर दवाखाना असेल, तर तिथल्या डॉक्टरला महाराष्ट्र मेडिकल कौन्सिलकडे नोंदणीच्या नूतनीकरणासाठी पाच वर्षांत ३० क्रेडिट्स दाखवावी लागतात. शेजारच्या चार्टर्ड अकाउंटंटलाही आपल्या संस्थेकडे शिक्षणाचे तास कळवावे लागतात. त्याच इमारतीतला वकील तेवढा या हिशेबातून मोकळा आहे.

महाराष्ट्रातून एलएलएमला जाऊन न्यूयॉर्कची सनद घेतात आणि मग मुंबईला परत येऊन वकिली करतात असे वकील आहेत. त्यांनाही दर दोन वर्षांनी न्यूयॉर्कच्या नोंदणीचा अर्ज भरावा लागतो. त्यात सीएलईच्या जागी ते सूट असल्याची नोंद करतात, कारण न्यूयॉर्कमध्ये वकिली न करणाऱ्याला हे बंधन नाही, आणि ती नोंद खरी असते. न्यूयॉर्क त्यांना विचारत नाही, कारण ते मुंबईत वकिली करतात. मुंबईत त्यांना विचारणारा अर्ज नाही.